सहा नंबरचा दगड

आमचं घर बुडालं नाही. ज्यांची बुडाली त्यांना नवं गाव मिळालं, आम्हाला बेट मिळालं.

धरण बांधायला घेतलं तेव्हा साहेब लोकांनी आमच्या टेकाडाभोवती घडीव दगड पुरले. एकूण अकरा. प्रत्येकावर पांढऱ्या रंगात आकडा. दगडाच्या खालचं ते सरकारचं, वरचं ते ज्याचं त्याचं. आमचं घर, गोठा आणि सहा एकर हलकं रान सहा नंबरच्या दगडाच्या वर होतं. घर तर दगडापासून मोजून वीस पावलांवर. वडिलांना त्याचा अभिमान होता.

"आपलं बुडत न्हाई," ते आईला म्हणाले.

"आपलं बुडत न्हाई, पर शेजार बुडतोय की," आई म्हणाली. "उसनं मीठ मागायचं तर काय माशांकडं मागू?"

वडील हसले. आई हसली नाही, हे मला अजून आठवतं.

पहिल्या पावसाळ्यात पाणी चढलं आणि टेकाडाकडे येणारी गाडीवाट त्याखाली गेली. दिवाळीपर्यंत चारी बाजूंनी पाणी झालं. तेव्हा मी आठ वर्षांचा होतो. वडील, आई, मी, दोन बैल, पाच शेळ्या आणि एक कुत्री, एवढी आमची वस्ती. नगर जिल्ह्यात कुणाचं बालपण बेटावर गेलं असं सांगितलं तर माणसं माझ्याकडे बघून हसतात. मी आता सावेडीत चौथ्या मजल्यावर राहतो, खाली दिवसभर रिक्षा चालू असतात. मलाही कधीकधी ते खरं वाटत नाही.

पलीकडे जायला आमच्याकडे नाव नव्हती, काहील होती. गावचं गुऱ्हाळ बुडणार म्हटल्यावर वडिलांनी तिथली गूळ आटवायची मोठी लोखंडी कढई गाडीत घालून वर आणून ठेवली होती. आई त्यांना वेड्यात काढत होती. पुढे त्याच काहिलीतून तेल-मीठ आलं, बियाणं आलं. काहील गोल, तिला पुढचं-मागचं कळत नाही. वल्ह्याऐवजी फळी घेऊन एकीकडून मारलं की ती जागच्या जागी गरगर फिरते. एक फटका उजवीकडून, लगेच एक डावीकडून, असं करत जावं लागतं. वर्षभरात मला ते वडिलांपेक्षा चांगलं जमायला लागलं. पलीकडच्या काठावर एक बाभूळ होती. कुणाला आमच्याकडे यायचं असलं की तो बाभळीला धोतर नाहीतर पटका बांधायचा आणि आम्ही काहील घेऊन जायचो.

शाळा नव्या गावात गेली होती. माझी दुसरी झाली होती. रोज पाण्यातून पोराला पाठवायला आई तयार नव्हती, म्हणून माझी शाळा सुटली. वडील त्यांना तोंडपाठ असलेले पाढे म्हणून घ्यायचे, तेवढंच. मग मी माझी शाळा काढली. अकरा दगड ही माझी मुलं. सकाळी शेळ्या सोडल्या की टेकाडाला एक वेढा मारायचा आणि हजेरी घ्यायची. "नंबर एक?" "हजर." दोन्ही आवाज माझेच. चार नंबर ढ होता, त्याला मी रोज छडी मारायचो. नऊ नंबरजवळ मुंग्यांचं वारूळ होतं, म्हणून तो खोडकर. सहा नंबरचा माथा सपाट होता आणि तो घराच्या जवळ होता. तो हुशार, माझ्याशेजारी बसणारा.

मी दुःखी होतो असं नाही. त्या टेकाडावर मला काय येत नव्हतं? नांगराचे बैल वळवणं, शेळीची वार पाडणं, वाऱ्यावरून पाणी कुठल्या अंगाला खवळणार ते सांगणं, सगळं यायचं. पण बाजारच्या दिवशी वडिलांबरोबर नव्या गावात गेलो की पत्र्याच्या घरांच्या ओळीमधून पोरं धावत यायची आणि ओरडायची, "आला रं आला, काहिलीतला गूळ आला!" मला राग यायचा नाही. त्यांच्यात मिसळून मलाही कुणाला तरी तसं चिडवायचं होतं. परत येताना मी काहिलीत पाठमोरा बसायचो, म्हणजे गाव जास्त वेळ दिसायचं.

वडिलांबद्दल एक गोष्ट सांगायला हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. आमच्या भागात शेताच्या बांधावरून भांडण झालं आणि मोजणीनंही मिटलं नाही, तर एक जुनी रीत होती. दोन्ही बाजूंना मान्य असलेला माणूस बोलवायचा. त्यानं त्याच रानातलं मातीचं ढेकूळ डोक्यावर घ्यायचं, दोन्ही हातांनी धरायचं आणि अनवाणी बांध चालायचा. नजर समोर. खाली बघायचं नाही, तोंडातून शब्द काढायचा नाही. पायाला जी जागा कळेल ती खरी. खोटं चाललं तर रान पिकत नाही, अशी समजूत. आसपासच्या दहा-बारा गावांत हे काम माझ्या वडिलांचं होतं. सगळे त्यांना आण्णा म्हणायचे, मीसुद्धा. भाऊ-भाऊ कुऱ्हाडी घेऊन उभे असले तरी आण्णांच्या पायापुढे कुणी बोलत नसे. शाळेचं तोंड न पाहिलेल्या माझ्या वडिलांकडे तेवढं एकच मोठेपण होतं.

दुसऱ्या वर्षीच्या भाद्रपदात एकदा जेवताना ते म्हणाले, "बुधवारी सायेब दगड तपासाया येनार हायेत."

मी विचारलं, "आण्णा, दगड घराच्या वर आसता तर?"

"तर घर सरकारचं. आपन नव्या गावात." दुधात भाकरी कुस्करता कुस्करता ते बोलले. त्यांच्या लेखी ते बोलणं तिथंच संपलं.

मंगळवारी बाजार होता. वडील काहील घेऊन गेले. आई खालच्या अंगाला मुगाच्या शेंगा तोडत होती, तिथून घर दिसत नसे. मी पहार घेतली आणि सहा नंबरच्या बुडाची माती उकरली. पावसानं ती मऊच झाली होती. थोरला बैल सोडून आणला, साखळदंड दगडाला गुंडाळला आणि बैलाच्या कानाशी हळूच "हं" म्हणालो. दगड सुटला. वीस पावलं घरापर्यंत आणि पुढे आणखी दहा, गोठ्याच्या मागे कडब्याच्या गंजीजवळ. तिथं खड्डा करून तो उभा पुरला. जुना खड्डा मातीनं भरला आणि वर गवताची ढेपळं बसवली. ओढल्याचा माग तरवडाच्या फांदीनं झाडून काढला. मी नऊ वर्षांचा होतो, पण मला कळत नव्हतं असं मी म्हणणार नाही. माग झाडणाऱ्याला सगळं कळत असतं.

वडील दिवेलागणीला आले. दगडाकडे बघायचं त्यांना काही कारण नव्हतं.

सकाळी साहेब आले. तरुण होते, पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली. बरोबर मोजणीची साखळी धरणारा एक माणूस, पोट सुटलेला. वडील फळी मारत होते आणि मी तोल सांभाळायला समोर बसलो होतो. मध्यावर काहील एकदा गरकन फिरली.

"अहो, ही नाव आहे का भोवरा?" साहेब ओरडले.

"मधी बसा, सायेब. कडंला बसला की करपतो," वडील म्हणाले. साखळीवाला इतका हसला की काहील पुन्हा फिरली.

बेटावर पोचल्यावर ते एक नंबरपासून निघाले. पाच नंबरपर्यंत सगळं ठीक. सहा नंबर जागेवर नव्हता. साखळीवाला शोधत शोधत वर गेला आणि गोठ्यामागून ओरडला, "सायेब, ह्यो बगा! ह्यो हितं चरायला आलाय!"

साहेब वर गेले, दगड बघितला, मग घराकडे बघितलं. "दगडाला पाय फुटले वाटतं," ते म्हणाले. "घर धरणात घालायची बरीच घाई झाली होती तुम्हाला."

वडिलांचा चेहरा मी त्याआधी तसा पाहिला नव्हता. त्यांनी आईला विचारलं. आईनं मान हलवली. मग त्यांनी मला विचारलं, "तू हात लावलास का?"

"न्हाई," मी म्हणालो.

त्यांनी पुन्हा विचारलं नाही. "माझ्या घरात कुनी दगड हलवला न्हाई," ते साहेबांना म्हणाले. "तुमी साखळी मागनं लावा. आदी मी चालून दावतो दगड कुठं हुता त्यो." त्यांनी पायातल्या वहाणा काढल्या, रानातलं एक ढेकूळ उचललं आणि पाच नंबरपाशी जाऊन ते डोक्यावर धरलं.

मी धावत खाली गेलो. भरलेल्या खड्ड्यावरची ढेपळं वाऱ्यानं वाळून कडेला उचलली होती. ती कुणाला दिसू नयेत म्हणून मी त्यांच्यावर उभा राहिलो.

वडील चालत आले. नजर समोर, पाय जमीन चाचपत. ते सरळ माझ्याकडे येत होते. चार पावलं, तीन, दोन. मी हललो नाही. त्यांना मला बाजूला हो म्हणता येत नव्हतं, कारण चालताना बोलायचं नसतं. माझ्यासमोर ते थांबले. त्यांच्या कपाळावर ढेकळाची माती ओघळली होती. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग जरा गोंधळल्यासारखे झाले आणि मला वळसा घालून चार हात खाली गेले. तिथं थांबले आणि टाच दाबली. "हितं," ते म्हणाले.

साहेबांनी साखळी लावली. साखळीवाला कागद बघत, अंतर सांगत आला आणि माझ्या पायाशी थांबला. "ए पोरा, सरक." त्यानं कुदळ मारली. माती भुसभुशीत लागली. "हितं हुता, सायेब. आण्णाचा पाय चार हात चुकला!"

साहेबांनी दगड जागेवर बसवून घेतला आणि प्रकरण वाढवलं नाही. जाताना एवढंच म्हणाले, "पुन्हा असं करू नका." वडिलांनी हात जोडले. ज्याचा दोष नव्हता त्यानं हात जोडले आणि ज्याचा होता तो काहिलीचा तोल सांभाळायला पुन्हा समोर बसला.

साखळीवाल्यानं पुढच्या बाजारात ते सगळ्यांना सांगितलं. दगड कुणी हलवला याची चर्चा फारशी झाली नाही. चर्चा झाली ती आण्णांचा पाय चुकला याची. वडिलांनी तर ते कुणी सांगण्याआधीच मानलं होतं. सहा नंबरवरून जाताना ते थांबायचे, खाली चार हातांवर बघायचे आणि पुढे जायचे.

थोड्या दिवसांनी पलीकडच्या बाभळीला धोतर लागलं. दोन माणसं बसलेली दिसत होती. मी फळी उचलली.

"न्हाई जायचं," वडील म्हणाले.

"बांदासाटी आली आसतील की," आई म्हणाली.

"म्हनूनच न्हाई जायचं."

ती माणसं दुपारपर्यंत बसली. धोतर वाऱ्यानं फडफडत होतं. मग त्यांनी ते सोडून घेतलं आणि गेली. मी गोठ्यात जाऊन थोरल्या बैलाच्या गळ्याला मिठी मारून उभा राहिलो. मला फक्त एक वाक्य बोलायचं होतं. वडील वीस पावलांवर होते.

पुढच्या वर्षी पाऊस आला नाही. बहात्तरचा दुष्काळ सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे. पण तो कुणामुळे पडला हे फक्त मला माहीत होतं. खोटं चाललं तर रान पिकत नाही. वडील खोटं चालले नव्हते, पण त्यांची चाल खोटी पडली होती आणि ती माझ्यामुळे. आमचं सहा एकर करपलं, ती शिक्षा मी समजून घेतली. मग पलीकडच्या रस्त्यावर खडी फोडायला जामखेडकडून माणसं आली, बायका तान्ही पोरं झोळीत टांगून हातोडा मारायच्या. बाजाराला जाताना मी त्यांच्याकडे बघू शकायचो नाही. माझ्या दोन पायांनी एवढ्या लोकांचं रान करपवलं, असं मला खरोखर वाटत होतं. आज हसू येतं, पण तेव्हाची भीती खरी होती, तिला हसणं मला बरं वाटत नाही.

धरण उतरत गेलं. होळीच्या सुमारास गाडीवाट वर आली आणि आमचं बेट पुन्हा टेकाड झालं. बुडालेली रानं उघडी पडली, काळ्या गाळानं भरलेली. त्या ओलीवर काहीतरी पिकेल म्हणून जुन्या मालकांना ती तेवढ्यापुरती कसायला द्यायचं ठरलं. पण गाळाखाली बांध कुठे होते? सगळं एकसारखं सपाट झालं होतं.

एका सकाळी दोघे चुलतभाऊ चालत आमच्या दारात आले. आता बाभळीला धोतर बांधायची गरज नव्हती आणि न जायची सोयही नव्हती. दोघांची रानं शेजारी-शेजारी होती आणि दोघांत चार महिन्यांचं बोलणं बंद होतं. आईनं गुळाचं पाणी दिलं. थोरला म्हणाला, "आण्णा, चला. ह्याच्या आईला मी चुलती म्हनतो, न्हाईतर आज ह्याचं डोस्कंच फोडलं आसतं."

"फोड की," धाकटा म्हणाला. "निदान आत काय हाय ते तरी कळंल लोकांना."

वडील हसले नाहीत. "दुसरा कुनी बगा. माझा पाय चुकतो."

"त्या साखळीवाल्याचं ऐकता व्हय तुमी? त्यो तर पिऊन सोताच्या घराची वाट चुकतो!"

"माझ्याच डोळ्यांदेकत चुकला," वडील म्हणाले. "ऱ्हाऊ द्या."

ते दोघे खाली गेले. थोड्याच वेळात गाळातून त्यांचे आवाज वर यायला लागले. आधी शिव्या, मग धाकट्यानं फावडं उचललेलं दिसलं. वडील शेळ्या बांधत होते. त्यांनी तिकडे पाठ केली. त्या पाठीकडे बघून माझ्या तोंडून ते निघालं.

"आण्णा, तुमचा पाय चुकला नव्हता."

ते वळले.

"तुमी बरोबर आलता. माज्याकडंच. मी खड्ड्यावर हुभा हुतो. सरकलो न्हाई."

हातातलं दावं त्यांनी खाली टाकलं. मग हळूहळू म्हणाले, "तू हुतास तिथं. व्हय. हुतास की." त्यांनी उजव्या पायाची टाच जमिनीवर दोनदा दाबली. "पायाला मऊ लागत हुतं. मी म्हनलं, पोर त्याच जागंवर कशाला हुभं राहील." आणि मग, "दगड?"

"मीच."

"बैल कुनता जुपला?"

"थोरला."

"एकट्यानं वडला?"

"व्हय."

"कशापायी?"

इथं मला खरं सांगता आलं असतं. तुमचं न बुडणारं रान मला नको होतं, मला पोरं हवी होती, असं म्हणता आलं असतं. पण ज्या माणसाला त्याचा पाय आत्ताच परत मिळाला होता, त्याला ते सांगायला माझी जीभ वळली नाही. मी म्हणालो, "शाळा खेळत हुतो. सहा नंबर हुशार हुता. त्येला वरच्या वर्गात बसवला."

त्यांनी माझ्या कानाखाली एक लावली. एकच. "ही दगडासाटी न्हाई," ते म्हणाले. "दीड वरीस गप बसलास, त्येच्यासाटी." आणि ते उताराला लागले, गाळाकडे, जवळजवळ धावत.

आई उंबऱ्यावर उभी होती. तिनं सगळं ऐकलं होतं. तिनं माझा गाल बघितला, पदरानं पुसला आणि खालच्या आवाजात म्हणाली, "दगड वर न्यायचा हुता तर मला सांगायचंस. मी बी हात लावला आसता." तिच्यापासून माझं काही लपलं नव्हतं. मी वडिलांच्या मागे धावलो.

फावडं खाली ठेवलं गेलं होतं. वडिलांनी ओल्या गाळाचा गोळा डोक्यावर घेतला. पण चालायच्या आधी ते थांबले. भोवती जमलेल्या माणसांकडे त्यांनी एकदा पाहिलं आणि म्हणाले, "वाटंत कुनी हुभं राहू नका रं."

माणसं बाजूला झाली. मीही झालो. ते दोन शेतांची लांबी सरळ चालत गेले, गाळ त्यांच्या कानांमागून ओघळत होता, आणि एकदाही पाऊल अडखळलं नाही. शेवटी धाकट्यानं तिथं फावड्यानं खणलं तेव्हा हातभर गाळाखाली बांधाचा जुना दगड लागला. थोरला म्हणाला, "बग, तुझ्यापेक्षा दगडाला जास्त अक्कल हाय." धाकट्यानं त्याला गाळ फेकून मारला आणि दोघे चार महिन्यांनी एकत्र हसले.

त्या जूनमध्ये वडिलांनी मला नव्या गावात आईच्या मावशीकडे ठेवलं आणि शाळेत घातलं. "दगडांची शाळा पुरत न्हाई ह्येला आता," ते सगळ्यांना सांगायचे. खोटं बोलून मला तेच मिळालं जे खरं बोलून मागायला हवं होतं. आई-वडील टेकाडावरच राहिले. पाऊस आला, पाणी चढलं, पुन्हा बेट झालं. आता काहिलीत वडिलांसमोर तोल सांभाळायला आई बसायची. मी गेल्यावर तिथं तिच्याशी बोलायला वडिलांशिवाय कुणी नव्हतं. याचा हिशोब मी लहानपणी कधी केला नाही, मोठेपणी फार वेळा केला. वडील गेले ते मी खेळत होतो असं समजूनच गेले.

पण पाय त्यांना परत मिळाला, एवढं मी करू शकलो. पुढे वीस-बावीस वर्षं ते बांध चालले. दरवेळी ढेकूळ उचलल्यावर आधी तेच म्हणायचे, "वाटंत कुनी हुभं राहू नका रं." लोकांना वाटायचं, हाही रीतीचाच भाग असेल.

गेल्या वर्षी नव्या गावात गेलो होतो. एका बांधावर माणसं जमली होती. वडिलांकडूनच शिकलेला एक जण, आता तोही साठीला आलेला, डोक्यावर ढेकूळ घेऊन उभा होता. चालायच्या आधी त्यानं तेच वाक्य म्हटलं, त्याच सुरात. ते मला उद्देशून नव्हतं, मी वाटेतही नव्हतो. तरी मी दोन पावलं बाजूला झालो.